करवल्यांचा मेकअप आणि हेअर बजेटात कसं बसवायचं

लग्न ठरलं की नवरीचा मेकअप सगळ्यात आधी बुक होतो आणि करवल्यांचं कोणाच्या डोक्यातच नसतं, मग हळदीच्या चार दिवस आधी एखादी चुलतबहीण फोनवर सहज विचारते, "ताई, आमचं पण तीच करणार ना गं?" आणि तिथून सुरू होतं सगळं. माझ्या धाकट्या बहिणीचं लग्न डिसेंबरमध्ये नाशिकला झालं तेव्हा हे खातं माझ्याकडे होतं. सहा करवल्या, शिवाय काकू, आत्या, मावशी, वहिनी. तेव्हा जे कळलं ते सगळं इथे लिहितेय, ज्यांच्या घरी आत्ता तारीख निघालीय त्यांच्या कामी येईल.

पहिलं काम म्हणजे वहीत हिशोब लिहून काढा, तोंडी नको. नवरीशिवाय बाकीच्यांच्या मेकअपला आर्टिस्ट लोक सायडर मेकअप म्हणतात. समजा सायडरचे माणशी 2000 रुपये, त्यात मेकअप, हेअर, साडी सगळं आलं. सहा करवल्यांचे झाले 12,000. हळद आणि लग्न असे दोन कार्यक्रम धरले की 24,000, आणि काकू-आत्या धरून दहा जणी झाल्या की 40,000. हा आकडा बघून आई गप्पच झाली, कारण तेवढ्यात आमचा मांडव आणि बँड होत होता.

आता माझं स्पष्ट मत सांगते. पैसे घालायचेच असतील तर केस आणि साडीवर घाला, चेहऱ्यावर नको. आजकाल बहुतेक मुलींना स्वतःचा मेकअप बऱ्यापैकी येतो, काजळ, लायनर, लिपस्टिक, सगळं घरात असतं. पण खोपा स्वतःचा स्वतःला घालता येत नाही, अंबाड्यात डोनट, म्हणजे स्पंजची गोल रिंग, बसवून वर गजरा नीट टाचता येत नाही, आणि नऊवारी तर नाहीच नाही. फोटोत पण लांबून आधी दिसतात ते केस आणि साडीच. आमच्या आर्टिस्टने फक्त हेअर आणि साडीचे माणशी 700 सांगितले, म्हणजे दहा जणींचे 7,000, आणि हळदीला सगळ्यांनी आपलं आपलं आवरायचं असं ठरलं. 40,000 वरून 7,000 वर आलो आणि कोणीही अवघडलं नाही.

कोणी अवघडलं का नाही, तर आम्ही आधी सांगितलं म्हणून. भांडण मेकअपवरून होतच नाही हो, "मला कोणी सांगितलंच नाही" किंवा "तिचं केलं आणि माझं नाही" यावरून होतं. म्हणून लग्नाच्या दीड-दोन महिने आधी सगळ्यांना एकच मेसेज, एकाच वेळी. एकीला आधी आणि दुसरीला नंतर असं नको. मी जो टाकला तो हा:

"पोरींनो, लग्नाच्या दिवशी सकाळी तुमच्या सगळ्यांचे केस आणि साडी आमच्याकडून. मेकअप जिचा तिने घरून करून यायचा. ज्यांना आर्टिस्टकडूनच हवाय त्यांनी मला या रविवारपर्यंत सांगा, वरचे 1300 लागतील, ते तिलाच द्यायचे. हळदीला आपलं आपलं."

दोघींनी आर्टिस्टकडून मेकअप करून घेतला, बाकीच्या चौघींनी घरी. त्या दोघींतली जी अजून शिकतेय आणि जिला ते 1300 जड जाणार होते तिचे मी वेगळ्याने दिले, ग्रुपवर नाही, तिला एकटीला फोन करून. आणि एकीला मेकअप अजिबात आवडत नाही, तिच्या मागे लागू नका, नुसती टिकली-काजळ लावून ती पण छानच दिसते.

मुलाकडच्यांचं मात्र मेसेजवर सोडू नका. नणंदेचा आणि वरमाईचा मेकअप मुलीकडच्यांनी करायचा अशी काही घरांत अपेक्षा असते, काही घरांत नसते, आणि हे मानपानाच्या बैठकीतच बोलून घेतलेलं बरं. आपण किती जणींचं करणार तो आकडा आईने किंवा काकांनी सांगावा, नवरीने नको. तिला त्याच घरात जायचंय, तिच्या तोंडून नकार कशाला.

आर्टिस्टशी बोलताना अॅडव्हान्स द्यायच्या आधी विचारून घ्या की सायडर ती स्वतः करणार की असिस्टंट. बहुतेक ठिकाणी असिस्टंट करते, त्यात काही वाईट नाही, पण मग असिस्टंटने केलेल्या कामाचे फोटो मागा, मॅडमच्या ब्रायडलचे नाही. साडी नेसवणं, गजरे, आर्टिफिशियल केस, प्रवासखर्च, पहाटे येण्याचे जास्तीचे, यातलं काय पॅकेजमध्ये आणि काय वेगळं हे व्हॉट्सअॅपवर लिहून घ्या. आणि बजेट खूपच ताणलेलं असेल तर गल्लीतल्या पार्लरवाल्या ताईंना विचारा, किंवा आयटीआयमध्ये कॉस्मेटॉलॉजीचा ट्रेड असतो तिथून शिकून बाहेर पडलेल्या मुली असतात, कामाला चोख असतात, एकदा ट्रायल घेऊन बघायचं फक्त.

एक गोष्ट मला मनापासून सांगायचीय. आमच्या एका मावसबहिणीचा रंग छान सावळा आहे. साखरपुड्याला एका असिस्टंटने न विचारता तिला दोन शेड उजळ फाउंडेशन लावलं. आरशात ठीक वाटलं, पण फोटोत चेहरा राखेसारखा आणि मान वेगळ्याच रंगाची, आणि पोरगी ते फोटो कोणाला दाखवत नाही. म्हणून लग्नाच्या वेळी मी आधीच सांगून ठेवलं की कोणालाही गोरं करायचं नाही, शेड जबड्याच्या कडेला लावून खिडकीच्या उजेडात बघायची, ट्यूबलाइटखाली नाही. घरी मेकअप करणाऱ्यांनी पण हे बघा. आणि झिंक ऑक्साइड किंवा टायटॅनियम डायऑक्साइडवालं सनस्क्रीन त्या दिवशी जाड थापू नका, फ्लॅशच्या फोटोत चेहरा पांढरा पडतो.

हळद आदल्या दिवशी असेल तर करवल्यांच्या तोंडाला पण फासली जातेच आणि दुसऱ्या दिवशी मेकअपखालून पिवळं दिसतं. हळद पाण्याने जात नाही, तेलात सुटते, त्यामुळे आधी खोबरेल चोळून पुसायचं आणि मग बेसन किंवा फेसवॉश. ब्लीच, फेशियल, नवीन क्रीम हे सगळं आठवडाभर आधी, आदल्या दिवशी काही नवीन नको, पुरळ उठलं तर काही करता येत नाही.

केस आदल्या दिवशी धुवा, लग्नाच्या सकाळी नाही. ताज्या धुतलेल्या मऊ केसांत आकडे टिकतच नाहीत, घसरतात, आणि मग जास्त आकडे खुपसले जातात आणि दुपारपर्यंत डोकं ठणकतं. तेल नको, मुळाशी कंडिशनर नको. सकाळी पुढून बटणं असलेला शर्ट किंवा गाऊन घालूनच बसायचं, नाहीतर केस झाल्यावर डोक्यातून टीशर्ट काढताना सगळं विस्कटतं. गजऱ्यांची ऑर्डर फुलवाल्याकडे आधीच द्या, डिसेंबरात मोगरा कमी येतो आणि महाग असतो, आम्ही शेवंती आणि अबोलीच्या वेण्या घेतल्या, त्याच जास्त खुलल्या.

वेळेचं गणित उलटं मांडायचं. आमचा मुहूर्त 11 वाजून 36 मिनिटांचा होता, त्याआधी गौरीहर, म्हणजे करवल्या साडेदहाला तयार हव्यात. प्रत्येकीला केस आणि साडीला 40 मिनिटं धरली, आवरून देणाऱ्या दोघी, म्हणजे एकेकीकडे तीन मुली आणि दोन तास. आठला बसवलं तर दहाला उरकतं आणि अर्धा तास हातात राहतो, तो लागतोच. मेकअप करून घेणाऱ्या दोघा करवल्यांना सातलाच बसवलं. कोण कितीला बसणार ते कागदावर लिहून खोलीच्या दाराला चिकटवलं, पोह्यांची वेळ पण त्यातच लिहिली, म्हणजे लिपस्टिकच्या आधी खाऊन होतं. नथ लिपस्टिकनंतर, आधी घातली की रंग लागतो तिला.

सगळ्यात जास्त वेळ वाचवला तो आदल्या रात्री. सहाही साड्यांच्या पदराच्या निऱ्या घालून, इस्त्री फिरवून, क्लिपा लावून हँगरला अडकवून ठेवल्या, प्रत्येक हँगरला नाव, आणि त्यातच परकर, ब्लाउज आणि सेफ्टी पिनांची पुडी. त्या रात्रीच कळलं की एका ब्लाउजला हुकच नाहीत आणि एका साडीला फॉल नाही. सकाळी कळलं असतं तर? कार्यालयातल्या खोलीत प्लग पॉइंट किती ते पण बघून घ्या, आमच्या खोलीत दोनच होते आणि केस कुरळे करायचा टाँग, ड्रायर, इस्त्री तिन्ही लागतात, घरून एक्स्टेन्शन बोर्ड नेला.

आणि जी मुख्य करवली असेल, कऱ्हा-दिवा घेऊन नवरीच्या मागे उभी राहणारी, तिची साडी आर्टिस्टने स्वतः नेसवावी असं आधीच सांगा. मंगलाष्टकं लांबली की ती बराच वेळ तशीच उभी असते, दोन्ही हात गुंतलेले, पदर सावरता येत नाही. तिचा पदर बारीक निऱ्यांचा, खांद्यावर दोन पिनांनी पक्का लावायचा, हातावर सोडायचा नाही, ज्योत अगदी कोपराजवळ असते.