राजदूताचं पुस्तक आणि फाटकाबाहेरचं काबूल

काबूलमध्ये नेमणूक झालेल्या राजदूतांची पुस्तकं मी गेली चौदा वर्षं वाचते आहे. आमच्या वाचनगटात नवीन कुणी आलं की हमखास विचारतं, "सुरुवात कुठून करू?" माझं उत्तर ठरलेलं आहे. कुठलंही पुस्तक घ्या, पण पहिलं पान उघडू नका. शेवटची नावांची सूची उघडा.

सूचीत बघायचं काय, तर अफगाण माणसांची नावं किती आहेत आणि त्यातली सत्तेबाहेरची किती. अध्यक्ष करझाई, लढाऊ सरदार मसूद आणि हेकमतयार, तालिबानचा म्होरक्या मुल्ला उमर सगळीकडे भेटतातच. पण दुभाषा, ड्रायव्हर, एखाद्या प्रांतातला शिक्षक, वोलुस्वाल म्हणजे जिल्ह्याचा प्रमुख अशी माणसं नावानिशी सापडली, तर लेखक वकिलातीच्या फाटकाबाहेर पडला होता असं समजायला हरकत नाही. वॉशिंग्टन किंवा लंडनच्या मंत्र्यांपुढे पानांच्या आकड्यांची रांग लागलीय आणि हेल्मंद, हेरात, कुंदुझ अशा प्रांतांपुढे दोन-दोन आकडे आहेत, तर ते पुस्तक मुख्यतः बैठकांचं. बैठकांचं पुस्तकही वाचावं, युद्धं तिथेच ठरतात. आपण काय वाचतोय हे मात्र आधी कळलेलं बरं.

हे मी चूक करून शिकले. सुरुवातीच्या दिवसांत एका राजदूताचं एक प्रकरण मला इतकं पटलं की गटासमोर मी ते घडलेल्या इतिहासासारखं सांगितलं. एका मुलीने विचारलं, "तिथल्या माणसांनीही हे असंच लिहिलंय का?" माझ्याकडे उत्तर नव्हतं. त्या रात्री मी एक वही घातली. ती आजही चालू आहे.

वहीत प्रत्येक पुस्तकासाठी पहिल्या पानावर चार ओळी लिहायच्या. लेखक कधी आला आणि कधी गेला. त्याला दरी किंवा पश्तू या तिथल्या भाषा येत होत्या का. त्याच्या सरकारचं सैन्य त्या वेळी देशात होतं का. आणि पुस्तक किती वर्षांनी आलं. या चार ओळींनी पुस्तकाचा अर्धा स्वभाव कळतो.

उदाहरण देते. शेरर्ड काउपर-कोल्स २००७ ते २००९ ब्रिटनचे काबूलमधले राजदूत होते. 'केबल्स फ्रॉम काबूल' २०११ मध्ये आलं, युद्ध चालू असताना. राजकीय तोडग्याशिवाय लष्करी यश टिकणार नाही, तालिबानशी बोलावं लागेल, हे त्यातलं म्हणणं त्यांनी तेव्हा मांडलं जेव्हा ते मांडायला किंमत होती. झल्मय खलीलझाद यांचं उलट. जन्म मझार-ए-शरीफचा, दरी घरची. २००३ ते २००५ अमेरिकेचे राजदूत. पुस्तक, 'द एन्व्हॉय', मात्र २०१६ चं. मध्ये इराक आणि संयुक्त राष्ट्रं इथल्या नेमणुका होऊन गेल्या. आणि पुढे २९ फेब्रुवारी २०२० ला दोह्यात तालिबानबरोबरच्या करारावर अमेरिकेच्या वतीने सही करणारा माणूसही हाच. पुस्तकाला ते ठाऊक नाही, आपल्याला आहे. असं पुस्तक वाचताना मी पेन्सिलीने समासात फक्त वर्ष लिहीत जाते. म्हणजे कुठलं वाक्य प्रसंग घडतानाचं आणि कुठलं मागाहून सुचलेलं, हे हळूहळू वेगळं पडतं.

रोनाल्ड न्यूमन यांच्या 'द अदर वॉर'ला माझ्या वहीत वेगळी खूण आहे. ते २००५ ते २००७ अमेरिकेचे राजदूत होते आणि त्यांचे वडील रॉबर्ट न्यूमन १९६६ ते १९७३ त्याच जागी. बापाने बघितलेलं काबूल म्हणजे राजा झहीर शहाचं, शांत. मुलाने बघितलेलं युद्धातलं. एकाच घरात दोन काबूल असलेला लेखक क्वचित मिळतो.

आता नकाशा. शहराचा साधा नकाशा छापून घ्या आणि वझीर अकबर खान हा भाग शोधा. परदेशी वकिलातींचा मोठा घोळका याच परिसरात होता. हे नाव कुणाचं? १८४१ च्या २३ डिसेंबरला ब्रिटिश दूत विल्यम मॅकनॉटन वाटाघाटींसाठी छावणीबाहेर आला आणि मारला गेला. तो ज्याला भेटायला आला होता, तो हा अकबर खान, अमीर दोस्त महंमदचा मुलगा. परक्या राजदूतांचा पत्ता गेली कित्येक वर्षं या नावाने लिहिला गेला. काबूलच्या माणसाला तो पत्ता उच्चारताना काय आठवतं आणि राजदूताला काय, याचा विचार करून मग पुढचं प्रकरण वाचायला घ्यावं.

नकाशाशेजारी १९६१ चा व्हिएन्ना करार ठेवा. राजनैतिक संबंधांचा हा करार ५३ कलमांचा आहे, तासाभरात वाचून होतो आणि जालावर फुकट मिळतो. कलम २२, वकिलातीच्या आवारात यजमान देशाचा माणूस परवानगीशिवाय पाऊल टाकू शकत नाही आणि तिचं रक्षण करणं यजमानाचं काम. कलम २९, मुत्सद्द्याला अटक करता येत नाही. कलम ४५, संबंध तुटले तरी आवाराचा मान राखायचा. बाकीची सावकाश वाचा. ही तीन पाठ असली की काबूलवरच्या पुस्तकांतली बरीच प्रकरणं कुठल्या कलमाभोवती फिरताहेत ते लगेच दिसतं.

पण माझ्या मते या वाचनाचा गाभा वेगळाच आहे. एक तारीख घ्यायची आणि त्या तारखेची दोन पुस्तकं शेजारी उघडी ठेवायची, शक्यतो भिंतीच्या दोन बाजूंची.

२ नोव्हेंबर १८४१ घ्या. तेव्हा काबूलमध्ये ब्रिटिश फौज ठाण मांडून होती. त्या सकाळी काबूल शहरात जमावाने अलेक्झांडर बर्न्स या ब्रिटिश अधिकाऱ्याच्या घरावर हल्ला केला आणि त्याला ठार मारलं. फ्लोरेन्शिया सेल या सेनाधिकाऱ्याच्या पत्नीची रोजनिशी १८४३ मध्ये छापली गेली. त्या दिवशी ती शहराबाहेरच्या ब्रिटिश छावणीत होती. दुसरीकडे मोहनलाल काश्मिरी, बर्न्सचा मुनशी, फारसी अस्खलित, शहरातच राहणारा. पुढे किझिलबाशांच्या, म्हणजे इराणी मुळाच्या शिया लोकांच्या, मोहल्ल्यात आश्रय घेऊन तो तिथून खबरा पाठवत राहिला. त्याने लिहिलेलं दोस्त महंमदचं चरित्र १८४६ चं. दोन्ही जुनी पुस्तकं आहेत, स्कॅन केलेली सहज मिळतात.

मी ही दोन्ही समोर ठेवून वहीचं पान मधोमध दुमडलं. डावीकडे छावणीतून काय कळलं, उजवीकडे गल्लीतून काय कळलं. छावणीत बातमी येते ती कुणाच्या तरी तोंडून, उशिरा, आणि तिथले अधिकारी काय ठरवत नाहीत यावर सेलबाईचा जीव तुटतो. तिची धार तिथे आहे, वरिष्ठांच्या धरसोडीवर. मोहनलालकडे सरदारांची नावं आहेत, कोण कुणाचा सोयरा, कुणाचा कुठे अपमान झाला, कुणाला पैसे देऊन फोडता येईल. उठाव का झाला हे समजायला उजवा रकाना लागतो, आणि त्याला उत्तर का मिळालं नाही हे समजायला डावा. पावणेदोनशे वर्षांनंतरच्या राजदूतांची पुस्तकंही मी याच दुमडलेल्या पानावर वाचते. आधुनिक वकिलातीची उंच काँक्रीटची भिंत म्हणजे ती छावणीच.

दुसरी तारीख, १४ फेब्रुवारी १९७९. अमेरिकी राजदूत अ‍ॅडॉल्फ डब्स यांना सकाळी गाडीतून पळवून काबूल हॉटेलच्या ११७ नंबरच्या खोलीत डांबलं. घाई करू नका, वाटाघाटी करा, असं अमेरिकी वकिलात विनवत राहिली. अफगाण पोलिसांनी खोलीवर गोळीबार केला आणि डब्स मरण पावले. सोव्हिएत सल्लागार हॉटेलात हजर होते. यानंतर २००२ पर्यंत अमेरिकेने काबूलला राजदूतच नेमला नाही. या प्रसंगासाठी आठवणींच्या पुस्तकांवर विसंबू नका. अमेरिकी परराष्ट्र खात्याने आपली जुनी कागदपत्रं खंडशः प्रसिद्ध केली आहेत, त्यात १९७७ ते १९८० चा अफगाणिस्तानवरचा खंड आहे, फुकट वाचता येतो. मुत्सद्दी ज्याला तार म्हणतात तो वकिलातीतून राजधानीला गेलेला संदेश घाईत लिहिलेला असतो, पुढे काय होणार हे लिहिणाऱ्याला ठाऊक नसतं. पुस्तक सगळं संपल्यावर लिहिलं जातं. नोव्हेंबर २००९ मध्ये अमेरिकी राजदूत कार्ल आयकेनबेरी यांनी जादा फौज पाठवण्याविरुद्ध तारा पाठवल्या आणि करझाई हे पुरेसे भरवशाचे भागीदार नाहीत असं स्पष्ट लिहिलं. दोन-तीन महिन्यांत त्या फुटून वर्तमानपत्रात छापून आल्या. अशी तार वाचल्यावर कुठल्याही आत्मचरित्रातलं "आम्ही तेव्हाच सांगितलं होतं" हे वाक्य पडताळून बघायची सवय लागते.

उलट बाजूचा राजदूत टाळू नका. अब्दुल सलाम झईफ हे तालिबानचे पाकिस्तानातले राजदूत. मूळ पश्तूतलं, मग इंग्रजीत २०१० मध्ये आलेलं 'माय लाइफ विथ द तालिबान' हे त्यांचं पुस्तक. तालिबान सरकारला फक्त तीन देशांची मान्यता होती, पाकिस्तान, सौदी अरेबिया आणि संयुक्त अरब अमिराती. ती गेली, आणि जानेवारी २००२ मध्ये पाकिस्तानने झईफना अमेरिकनांच्या हवाली केलं. पाकिस्तानी अधिकारी बघत उभे असताना अमेरिकी सैनिकांनी अंगावरचे कपडे फाडले, हे त्यांनी सविस्तर लिहिलं आहे. २००५ पर्यंत ते ग्वांटानामोत होते. तालिबानने काबूलच्या बायकांचं काय केलं हे मी क्षणभरही विसरत नाही. तरीही कलम २९ हाताशी ठेवून ते प्रकरण वाचावं. नियम कुणासाठी लागू होतो आणि कुणासाठी गुंडाळून ठेवला जातो, हे इतक्या जवळून दुसऱ्या कुठल्याच पुस्तकात मला दिसलं नाही.

भारताकडून बघायचं तर दोन पुस्तकं पुरतात. जे. एन. दीक्षित ऐंशीच्या दशकाच्या पूर्वार्धात, सोव्हिएत फौजा असताना, काबूलला राजदूत होते. त्यांचं 'अ‍ॅन अफगाण डायरी' २००० चं. आणि अविनाश पालीवाल यांचं 'माय एनिमीज एनिमी', २०१७, ते अभ्यासकाचं. आधी दीक्षित, मग पालीवाल, हा क्रम उलटा करू नका. रोजच्या नोंदीतला माणूस आधी भेटला की धोरणाची चर्चा कोरडी वाटत नाही. आणि या दोन्हींच्या मध्ये एक प्रश्न मनात ठेवा, वकिलात नसली तर काय होतं? सप्टेंबर १९९६ मध्ये तालिबान काबूलमध्ये शिरले आणि आपली वकिलात बंद झाली. २४ डिसेंबर १९९९ ला पळवलेलं इंडियन एअरलाइन्सचं विमान आयसी-८१४ कंदाहारला उतरलं तेव्हा तिथे आपला एकही माणूस नव्हता. बोलणी करणारे दिल्लीहून पोचायला २७ तारीख उजाडली. ते तीन दिवस डोळ्यांपुढे ठेवले की राजदूतांचे जेवणावळींचे, अमक्या सरदाराकडे चहाला गेल्याचे उल्लेख कंटाळवाणे वाटेनासे होतात. संकटात फोन कुणाला करायचा हे त्या चहातून ठरत असतं.

सोव्हिएत काळासाठी रॉड्रिक ब्रेथवेट यांचं 'अफगान्त्सी' घ्या. स्वतः ते मॉस्कोतले ब्रिटिश राजदूत होते, त्यामुळे रशियन माणसांशी बोलून लिहिलंय. संयुक्त राष्ट्रांच्या बाजूसाठी त्यांचे काबूलमधले प्रतिनिधी राहिलेले काई आयडे. इतकं सुरुवातीला बास.

शेवटी फाटक. प्रत्येक पुस्तकात वकिलातीच्या दारात उभ्या माणसांवर किती ओळी आहेत ते मी वहीत मोजून ठेवते. ७ जुलै २००८ ला भारतीय वकिलातीच्या फाटकावर गाडीबॉम्ब फुटला, ५८ माणसं गेली. चार भारतीय होते. बाकीचे बहुतेक अफगाण, त्यातले कितीतरी व्हिसाच्या रांगेतले आणि रस्त्यावरून जाणारे. अमेरिकी वकिलात जानेवारी १९८९ ला बंद झाली ती डिसेंबर २००१ ला उघडली, आणि मधली जवळजवळ तेरा वर्षं त्या आवाराची राखण तिथल्या अफगाण नोकरांनी केली. यजमान सरकारं बदलत गेली, ते राहिले.

म्हणून लॉरी ब्रिस्टो यांचं २०२४ चं 'काबूल : फायनल कॉल' मी नव्या वाचकाला सगळ्यात शेवटी देते. ऑगस्ट २०२१ मध्ये, तालिबान परत काबूलमध्ये शिरले तेव्हा, ते ब्रिटनचे राजदूत होते आणि विमानतळावर कागदपत्रं तपासत थांबले. ब्रिटिशांनी तेव्हा पंधरा हजारांवर माणसं बाहेर काढली. देताना सोबत एक कागद जोडते. १९२८-२९ च्या हिवाळ्यात काबूल वेढलं गेलं तेव्हा ब्रिटिश हवाई दलाने ५८६ माणसं विमानाने बाहेर नेली होती, त्याची माहिती. आधी तो कागद वाचायचा, मग पुस्तक. वहीत दोन रकाने करायचे, कोण विमानात चढलं आणि कोण फाटकाशी राहिलं. दुसऱ्या रकान्यात नावं फारशी मिळत नाहीत. काही लेखकांनी ती मुद्दाम गाळलेली असतात, कारण ती माणसं अजून तिथेच आहेत. तिथे मी नुसतं काम लिहिते : दुभाषा, पहारेकरी, स्वयंपाकी. आणि पुढची जागा कोरी ठेवते.