गेमचा डेटा उडवायच्या आधीची तयारी (मोठ्याचा टॅब धाकटीकडे जातोय म्हणून)

दिवाळीच्या सुट्टीत मोठ्याचा टॅब धाकटीला द्यायचं ठरलंय. त्यात सात-आठ गेम आहेत, सगळे त्याच्या लॉगिनने आणि त्याच्या लेव्हलला, आणि तिला सगळं पहिल्यापासून खेळायचंय. ऐकायला सोपं वाटतं, गेम उडवा आणि परत टाका, पण मागच्या वर्षी मी नेमकं हेच भाच्याच्या फोनवर केलं होतं, फोन स्लो झालाय म्हणून एक गेम काढला आणि परत टाकला, आणि त्याने दीड वर्ष बसून बांधलेलं सगळं गेलं. चूक माझीच, मी त्याला विचारलंच नव्हतं. तो रडला पण नाही, फोन खाली ठेवून आत निघून गेला, ते मला अजून आठवतं. म्हणून या वेळी सगळं नीट शिकून घेतलंय आणि कोणत्या क्रमाने काय करायचं ते लिहून ठेवतेय, तुमच्याकडे पण असं काही निघालं असेल तर उपयोगी पडेल.

पहिलं म्हणजे डेटा का उडवायचाय हे ठरवा, कारण त्यावर पुढचं सगळं अवलंबून आहे. नुसती जागा हवी असेल तर सेव्ह केलेल्या गेमला हात लावायची बहुतेक वेळा गरजच पडत नाही. अँड्रॉइडवर सेटिंग्ज, अ‍ॅप्स, मग तो गेम, मग स्टोरेज अँड कॅश असं गेलात की दोन बटणं दिसतात, क्लिअर कॅश आणि क्लिअर स्टोरेज (काही फोनवर त्यालाच क्लिअर डेटा म्हणतात). कॅश उडवली तर तात्पुरत्या फाइल जातात, लेव्हल, कॉइन, लॉगिन सगळं राहतं. क्लिअर स्टोरेज दाबलं की मात्र गेम आजच इन्स्टॉल केल्यासारखा होतो आणि ते अनडू करता येत नाही. ही दोन बटणं एकमेकांच्या शेजारी असतात, त्यामुळे घाईत, जेवता जेवता, एका हाताने हे काम करू नका. आणि जागाच हवी असेल तर आधी व्हॉट्सअ‍ॅपचे व्हिडिओ बघा, आमच्याकडे गुड मॉर्निंगचेच एवढे निघाले की गेम काढायची वेळच आली नाही.

टॅब दोघांत राहणार असेल तर अजून एक गोष्ट आधी बघा. बऱ्याच अँड्रॉइड टॅबमध्ये सेटिंग्जमध्ये मल्टिपल युजर्स असतं, तिथे धाकटीचा वेगळा युजर बनवला की तिच्या बाजूला तोच गेम कोरा करकरीत दिसतो आणि मोठ्याचा त्याच्या बाजूला जसाच्या तसा राहतो, काहीच उडवायला नको. सगळ्या कंपन्या हे देत नाहीत आणि आयपॅडवर घरगुती वापरासाठी ही सोय नाही, पण असेल तर सगळ्यात बिनधोक हेच.

आता खरं काम. एका संध्याकाळी ज्याचा गेम आहे त्याला शेजारी बसवा आणि वहीचं एक पान घ्या. मी मोठ्याला म्हटलं, ये रे, तुझे गेम मला एकेक करून दाखव, तर तो तासभर दाखवत बसला, आणि कोणता गेम गेला तरी चालेल आणि कोणत्याला हात लावायचा नाही हे मला कुठल्याही सेटिंगमधून कळलं नसतं, ते त्यानेच सांगितलं. पानावर प्रत्येक गेमपुढे चार गोष्टी लिहा: लॉगिन कशाने आहे, पैसे देऊन काही घेतलंय का, ठेवायचा की घालवायचा, आणि सेव्ह कुठे होतो.

हे सेव्ह कुठे होतो प्रकरण जरा समजून घ्यायला लागतं. ढोबळमानाने तीन जागा असतात. एक म्हणजे डिव्हाइसच्या आतच, तिथला डेटा उडवला की संपलं. दुसरी गूगल किंवा अ‍ॅपलच्या क्लाउडवर, म्हणजे अँड्रॉइडवर प्ले गेम्सच्या प्रोफाइलला आणि आयफोन-आयपॅडवर आयक्लाउडला. तिसरी गेम बनवणाऱ्या कंपनीच्या सर्व्हरवर, जसं क्लॅश ऑफ क्लॅन्सचं गाव सुपरसेल आयडीला बांधलेलं असतं, ते फोनवरून दहा वेळा काढलं तरी परत लॉगिन केलं की तिथेच उभं असतं. म्हणून मुलगी पहिल्यापासून खेळायचं म्हणाली तर क्लिअर स्टोरेजने काम होत नाही, दुसऱ्या ईमेलने नवीन आयडी काढावा लागतो. हे माहीत नसलं की माणूस तीन-तीनदा अनइन्स्टॉल करत बसतो.

सगळ्यात जास्त जपायचं ते गेस्ट म्हणून खेळलेल्या गेमला. लुडो किंग घ्या (नवी मुंबईच्या गेमटियनचा हा गेम, २०१६ मधला, लॉकडाऊनमध्ये आमच्या घरात आजीपासून सगळ्यांनी खेळलेला), त्यात किंवा दुसऱ्या कशातही लॉगिन न करता नुसतं गेस्टवर टॅप करून खेळत असाल तर तुमची ओळख फक्त त्या डिव्हाइसपुरती असते, डेटा उडवला की पुढचा गेस्ट नवा माणूस. म्हणून आधी गेमच्या आतल्या सेटिंगमध्ये जाऊन फेसबुक, गूगल, अ‍ॅपल जे काय दिसेल त्याला जोडून घ्या. लॉगिनची किंमत काय असते ते पबजीवाल्यांनी बघितलंय, सप्टेंबर २०२० मध्ये भारतात गेमवर बंदी आली आणि जुलै २०२१ मध्ये बीजीएमआय (त्याचीच भारतासाठीची आवृत्ती) आला तेव्हा जुना डेटा नव्यात नेता आला तो आधीच्या लॉगिनच्या जोरावर. आणि ज्या ईमेलने लॉगिन आहे त्याचा पासवर्ड आज आठवतोय का तेही बघा, कित्येकदा तो ईमेल शाळेच्या ऑनलाइन क्लाससाठी काढलेला असतो आणि त्याला जोडलेला नंबर कधीच बंद झालेला असतो.

जोडलंय म्हणजे नक्की सेव्ह झालंय असं धरून चालू नका. खात्री करायची एकच पद्धत मला पटली, दुसऱ्या फोनवर तोच गेम टाकायचा, त्याच लॉगिनने उघडायचा आणि लेव्हल, कॉइन बरोबर दिसतात का ते त्या मुलालाच बघायला सांगायचं. दिसलं की वहीत बरोबरची खूण. नाही दिसलं तर तो गेम डिव्हाइसमध्येच आहे असं समजायचं आणि हात लावायचा नाही. अर्धा तास जातो यात, पण भाच्याच्या वेळी मी एवढा अर्धा तास दिला असता तर बरं झालं असतं.

माइनक्राफ्टबद्दल वेगळं लिहिते कारण घरोघरी तोच आहे आणि लोक फसतात तेही तिथेच. मायक्रोसॉफ्ट अकाउंटने लॉगिन केलेलं असतं म्हणून आपल्याला वाटतं सगळं वर सेव्ह आहे, पण अकाउंटला मार्केटप्लेसमधून (गेमच्या आतलं दुकान) घेतलेल्या गोष्टी जोडलेल्या असतात, मुलाने बांधलेली वर्ल्ड त्या टॅबच्या आतच पडून असतात. अ‍ॅप काढलं की बहुतेक करून ती पण जातात. पूर्वी फाइल मॅनेजरने फोल्डर उघडून कॉपी करता यायचं, पण अँड्रॉइड ११ पासून अँड्रॉइड/डेटा या फोल्डरमध्ये साध्या फाइल मॅनेजरला शिरूच देत नाहीत, त्यामुळे गेमच्या आतूनच काढायला लागतं. प्ले दाबून वर्ल्डची यादी उघडा, ज्या वर्ल्डला वाचवायचंय त्याच्या बाजूची पेन्सिल दाबा, खाली खाली जात राहा, एक्सपोर्ट वर्ल्ड असं बटण येतं, त्याने एमसीवर्ल्ड प्रकारची एक फाइल तयार होते. प्रत्येक वर्ल्डची वेगळी फाइल काढावी लागते. ती टॅबमध्येच ठेवू नका, ड्राइव्हवर टाका किंवा दुसऱ्या फोनवर पाठवा, आणि दुसऱ्या फोनवर माइनक्राफ्ट असेल तर फाइलवर टॅप करून उघडून बघा, वर्ल्ड आत येतं. मोठ्याची अशी पाच निघाली, त्यातल्या एकात त्याने आमच्या गावच्या घराचा वाडा बांधलाय, मधल्या चौकासकट, तुळशीवृंदावनासकट, मला माहीतच नव्हतं.

पैशांचं बघून घ्या. पैसे देऊन घेतलेल्या गोष्टी दोन प्रकारच्या असतात. जाहिराती बंद करायला एकदाच दिलेले पैसे असतील तर ते बहुधा परत मिळवता येतात, त्याच गूगल किंवा अ‍ॅपल अकाउंटने गेम टाकून रिस्टोअर पर्चेसेस दाबायचं. पण विकत घेतलेले जेम, कॉइन, डायमंड हे वापरून संपायच्या वस्तू धरल्या जातात, सेव्ह गेला की तेही गेले. आणि गेम काढल्याने सबस्क्रिप्शन बंद होत नाही, हे मी दोनदा लिहीन, बंद होत नाही, दर महिन्याला पैसे कापले जात राहतात. अँड्रॉइडवर प्ले स्टोअरमध्ये आपल्या प्रोफाइल फोटोवर टॅप करून पेमेंट्स अँड सबस्क्रिप्शन्स, आयफोनवर सेटिंग्जमध्ये सगळ्यात वरच्या आपल्या नावावर टॅप करून सबस्क्रिप्शन्स, तिथे जाऊन आधी कॅन्सल करा. प्रत्येक गेममधल्या प्लेअर आयडीचा आणि लेव्हलचा स्क्रीनशॉट काढून ठेवा, पुढे कंपनीच्या सपोर्टला लिहायची वेळ आली तर पहिल्यांदा तेच मागतात.

आता उडवणं. अँड्रॉइडवर एक गंमत आहे, अँड्रॉइड ६ पासून अ‍ॅपचा डेटा आपोआप गूगलवर बॅकअप होतो, अ‍ॅपमागे २५ एमबीपर्यंत, अर्थात गेम बनवणाऱ्याने ते बंद ठेवलं नसेल तर. त्यामुळे गेम काढून परत टाकला की कधी कधी जुनीच लेव्हल समोर येते आणि आपण चक्रावतो. पहिल्यापासून खेळायचं असेल तर काढू नका, गेम राहू दे आणि क्लिअर स्टोरेज करा. तरीही जुनं आलं आणि तो कंपनीच्या सर्व्हरवरचा गेम नसेल तर ते बहुधा प्ले गेम्सवरून येतंय, मग प्ले गेम्सच्या सेटिंगमध्ये जाऊन त्या एका गेमचा डेटा डिलीट करायचा पर्याय शोधा. तिथे पूर्ण प्रोफाइल डिलीट करायचा पण पर्याय जवळच असतो, तो दाबू नका, त्याने सगळ्याच गेमचं जातं.

आयफोन-आयपॅडवर क्लिअर कॅश असं बटणच नाही. सेटिंग्ज, जनरल, आयपॅड स्टोरेज, मग गेम, तिथे ऑफलोड अ‍ॅप आणि डिलीट अ‍ॅप. ऑफलोड २०१७ च्या आयओएस ११ पासून आलंय, त्यात गेम जातो पण त्याचा डेटा राहतो, परत टाकला की जिथे होतात तिथून सुरू, म्हणजे जागेसाठी हे छान. डिलीटने दोन्ही जातं. आयक्लाउडमधला सेव्ह तरीही राहतो, तो काढायचा तर सेटिंग्जमध्ये नाव, आयक्लाउड, मग स्टोरेज मॅनेज करायच्या पानावर गेम शोधायचा. इथे मात्र थांबा. आपल्याकडे एकच अ‍ॅपल आयडी (आता त्याला अ‍ॅपल अकाउंट म्हणतात) आई, बाबा, मुलं सगळ्यांच्या डिव्हाइसवर चालू असतो, आणि आयक्लाउडमधून उडवलं की त्या आयडीच्या सगळ्या डिव्हाइसवरून जातं. धाकटीसाठी उडवलं आणि बाबांच्या फोनवरचा गेम पण गेला असं होऊ शकतं, म्हणून आधी घरात विचारून घ्या.

नेटचं पण गणित करा. बीजीएमआयसारखा गेम क्लिअर केला की मॅप आणि रिसोर्स पॅक परत उतरवायला लागतात, ते जीबीमध्ये असतात आणि रोजच्या दीड जीबीच्या पॅकमध्ये बसत नाहीत. वायफाय असेल त्या दिवशीच करा, चार्जिंग भरपूर ठेवा.

टॅब पूर्णच दुसऱ्याला द्यायचा असेल तर एकेक गेम साफ करायच्या ऐवजी फॅक्टरी रीसेट बरा, पण त्याआधी वरची सगळी तयारी झालेली हवी आणि गूगल अकाउंट सेटिंग्जमधून आधी काढलेलं हवं, नाहीतर अँड्रॉइड ५.१ पासून जे लॉक आलंय ते लागू शकतं आणि टॅब सुरू करताना जुन्या अकाउंटचा पासवर्ड मागत बसतो. आयपॅडवर तसंच, अ‍ॅपल आयडीमधून साइन आउट करून मग इरेज.

आमचं रविवारी सकाळी करायचं ठरलंय. वहीच्या पानावर आठपैकी सात गेमपुढे खूण झालीय, आठवा डिव्हाइसमधलाच निघाला पण मोठा म्हणाला जाऊ दे, त्यात काही नाही माझं. वर्ल्डच्या पाचही फाइल ड्राइव्हवर आहेत आणि एक कॉपी माझ्या फोनवर. धाकटीने विचारलं की दादाचा वाडा मला मिळेल का, तर तीच फाइल तिच्या टॅबवर उघडली की तिची वेगळी कॉपी होते, तिने त्यात काहीही केलं तरी त्याच्या फाइलला धक्का लागत नाही, हे मी दोघांना समजावून सांगितलं. तो थोडा वेळ गप्प बसला आणि मग म्हणाला, दे तिला, पण चौकातली तुळस तोडू नको म्हणावं.