निलंबन झालंय? निर्वाह भत्त्याचा हिशेब पहिल्या महिन्यापासूनच लावा

निलंबनाचा आदेश हातात पडला की प्राध्यापक असो वा कारकून, माणूस आरोपांच्या उत्तराला लागतो आणि पैशाचं 'चौकशी संपल्यावर बघू' म्हणतो. पैसे तिथेच अडकतात. निलंबनाने नोकरी संपत नाही. त्या काळात पगाराऐवजी मिळणारा निर्वाह भत्ता हा हक्क आहे, त्यासाठी कुणाची मर्जी सांभाळावी लागत नाही.

आधी आदेश कोणत्या नियमाखाली काढलाय ते वाचा. शासकीय महाविद्यालयांना महाराष्ट्र नागरी सेवेचे निलंबनकाळातील प्रदानांविषयीचे 1981 चे नियम लागू होतात. अकृषी विद्यापीठं आणि संलग्न महाविद्यालयांतल्या शिक्षकेतरांसाठी 1984 ची प्रमाण संहिता (सेवाशर्तींचे नियम) आहे, शिक्षकांनी आपल्या विद्यापीठाचे परिनियम पाहावेत. पुढचा हिशेब 1981 च्या नियमांप्रमाणे आहे.

मूळ वेतन 80,000 असेल तर पहिले तीन महिने अर्धवेतनी रजेइतके, म्हणजे 40,000 मिळतात आणि महागाई भत्ता या 40,000 वर. घरभाडे भत्ता मात्र निलंबनाच्या दिवशीच्या वेतनावर, म्हणजे 80,000 वर काढायचा असतो. आस्थापना विभाग सरसकट सगळंच निम्मं करतो आणि ते कुणाच्या लक्षातही येत नाही. म्हणून देयकाची प्रत मागून प्रत्येक ओळ तपासा.

तीन महिन्यांनंतर निलंबन लांबण्याचं कारण तुम्ही नसाल तर 40,000 चे 60,000 पर्यंत करता येतात. लांबण तुमच्यामुळे झाली असेल तर 20,000 पर्यंत खालीही आणता येतात. वाढ आपोआप लागत नाही, तिला सक्षम अधिकाऱ्याचा आदेश लागतो. तिसरा महिना संपताच अर्ज द्या आणि त्यात तारखा मांडा: दोषारोपपत्र कधी आलं, उत्तर कधी दिलं, सुनावणी कुणी पुढे ढकलली.

भत्ता अडण्याचं सगळ्यात साधं कारण म्हणजे न दिलेलं प्रमाणपत्र. 'या महिन्यात मी अन्यत्र नोकरी, व्यवसाय किंवा धंदा केलेला नाही' असं दर महिन्याला लिहून द्या, आवक क्रमांकासह पोच घ्या. खासगी शिकवणी घेत असाल तर असं प्रमाणपत्र देऊ नका, खोटं प्रमाणपत्र हा नवा आरोप होतो. या पोचपावत्या पुढे मागच्या काळाचं वेतन मागतानाही उपयोगी पडतात. दीपाली गुंडू सुरवसे प्रकरणात (2013) सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की, कर्मचाऱ्याने आपण अन्यत्र कमावत नव्हतो असं सांगितल्यावर तो कमावत होता हे सिद्ध करणं मालकाचं काम आहे.

कपातीही पाहा. आयकर कापला जाईल. पतसंस्थेचा हप्ता आणि विम्याचा हप्ता तुमच्या लेखी संमतीशिवाय कापता येत नाही.

अनुदानित महाविद्यालयात संस्था ही उच्च शिक्षण सहसंचालकांच्या कार्यालयाकडे बोट दाखवते आणि ते कार्यालय संस्थेकडे. मागणी संस्थेकडेच करा, प्रत विभागीय सहसंचालकांना द्या.

भत्ता बंद आहे आणि सुनावणीला जायला पैसे नाहीत, असं झालं तर तारखेच्या आधी चौकशी अधिकाऱ्यांना लेखी कळवा. एम. पॉल अँथनी प्रकरणात (1999) भत्त्याअभावी कर्मचारी केरळातून कोलारला जाऊ शकला नाही, आणि एकतर्फी झालेली ती चौकशी टिकली नाही. नुसता भत्ता दिला नाही एवढं पुरत नाही. त्यामुळे बाजू मांडता आली नाही हे दाखवावं लागतं आणि त्याला पुरावा म्हणजे ते पत्रच.

पुन्हा कामावर घेतलं की आदेशात दोन गोष्टी हव्यात: निलंबनकाळाचं वेतन किती, आणि तो काळ कर्तव्यकाळ धरला की नाही. दुसरी राहून गेली तर वेतनवाढ आणि निवृत्तिवेतनात गोंधळ होतो. पूर्ण वेतन द्यायचं नसेल तर आधी नोटीस देऊन तुमचं म्हणणं ऐकावं लागतं.

बडतर्फी, सेवेतून काढणं किंवा पदावनती झाली तर विद्यापीठ व महाविद्यालय न्यायाधिकरणाकडे आदेश मिळाल्यापासून 30 दिवसांत अपील करायचं असतं. नुसत्या निलंबनाची किंवा भत्त्याची तक्रार विद्यापीठाच्या तक्रार निवारण समितीकडे न्यावी. तिच्या उत्तराची वाट पाहताना अपिलाचे 30 दिवस निसटू देऊ नका.