सीएसएमटीची वारसा सफर कशी करावी : खानदेशातून जाणाऱ्यांसाठी

खानदेशातला माणूस मुंबईला जातो तो कामानं. मंत्रालयातली फाईल, दवाखाना, पोराची परीक्षा, नाहीतर साडूच्या मुलीचं लग्न. रात्री जळगावला गाडीत बसायचं, उजाडता उजाडता सीएसएमटीला, म्हणजे मुंबईच्या छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसला उतरायचं आणि हमालांना चुकवत टॅक्सीच्या रांगेकडे सुटायचं. लांब पल्ल्याच्या गाड्या ज्या फलाटांवर लागतात तिथून जुनी इमारत नीट दिसतही नाही. त्यामुळे जन्मभर या स्थानकात ये-जा केलेल्या माणसानंही ती धड पाहिलेली नसते. आणि मुद्दाम स्थानक बघायला निघालोय म्हटलं, तर घरात कुणीतरी विचारतंच, "टेसनमां काय देखानं ऱ्हास?"

बरंच काही असतं. फक्त त्यासाठी वेगळा दिवस काढावा लागतो आणि थोडी तयारी लागते.

दिवस आणि गाडी

ही इमारत म्हणजे मध्य रेल्वेचं चालू मुख्यालय. घुमटाखालच्या भागात आणि वरच्या मजल्यांवर कचेऱ्या आहेत, त्यामुळे तिथं आपलं आपण हिंडता येत नाही. आतल्या वारसा संग्रहालयाचं तिकीट काढून माहिती देणाऱ्या माणसाबरोबर जायचं असतं. सफर साधारण कामाच्या दिवशी आणि दुपारनंतर असते. शनिवार-रविवार जोडून तिकिटं काढाल तर संग्रहालयाच्या बंद दारावरून परत याल. मुलांची एक दिवस शाळा बुडाली तर बुडू द्या, या कारणासाठी बुडवायला हरकत नाही.

निघण्याआधी फोन करून तीन गोष्टी विचारा: त्या दिवशी सफर आहे का आणि किती वाजता, दर काय (विद्यार्थ्यांना सवलत मिळत आली आहे, म्हणून शाळेचं ओळखपत्र जवळ ठेवा), आणि आत फोटो काढू देतात का. जुन्या इमारतीत दुरुस्तीची कामं निघत असतात, एखादा भाग बंद असू शकतो, तेही याच फोनमध्ये कळेल. शाळेची सहल असेल तर मुख्याध्यापकांच्या सहीचं पत्र आधी पाठवावं. मोठ्यांनी आधार कार्ड खिशात ठेवावं.

गाडीचं आरक्षण 60 दिवस आधी सुरू होतं. भुसावळ-जळगावकडून सीएसएमटीला जाणाऱ्या गाड्या पुष्कळ. विदर्भ, अमरावती, पंजाब मेल, हावडा मेल, यातली रात्रीची कुठलीही पकडली की सकाळी मुंबई. धुळेकरांना चाळीसगाव गाठणं सोपं. सकाळी उतरल्यावर सामान क्लोकरूममध्ये टाका. तिथं कुलूप नसलेली बॅग घेत नाहीत, म्हणून घरूनच छोटं कुलूप लावून निघा. दशम्या आणि शेंगदाण्याची चटणी मात्र हातातल्या पिशवीत ठेवा, दुपारपर्यंत वेळ काढायचा आहे.

आधी आपलं स्थानक

ही पायरी सगळे गाळतात आणि माझ्या मते तीच सगळ्यात महत्त्वाची. जाण्याच्या आदल्या आठवड्यात मुलांना घेऊन फलाट तिकीट काढून जळगावच्या किंवा भुसावळच्या फलाटावर एक चक्कर मारा. टोकाची पिवळी पाटी वाचा, तिच्यावर गावाच्या नावाखाली समुद्रसपाटीपासूनची उंची लिहिलेली असते. मग रुळांच्या कडेचे किलोमीटरचे आकडे शोधा. जळगावजवळ ते 420 च्या आसपास असतात, भुसावळला 444 च्या. हे अंतर मोजलंय ते सीएसएमटीपासून. आपल्या गावातून जाणारा रूळ जिथं शून्यावर येतो ते ठिकाण आपण बघायला चाललोय, हे मुलांना एवढ्यावरून कळतं, वेगळं भाषण लागत नाही. (नंदुरबार, दोंडाईचा, अमळनेरकडच्यांचा मार्ग सुरतेचा, म्हणजे पश्चिम रेल्वेचा. त्यांची गणती वेगळी.)

भुसावळला असाल तर शेजारीपाजारी निवृत्त ड्रायव्हर किंवा गार्ड सापडतोच. त्या काकांना चहाला बोलवा. घाटातली गाडी कशी उतरते हे त्यांच्याकडून ऐकून गेलेल्या पोराला मुंबईत प्रश्न सुचवून द्यावे लागत नाहीत.

इतिहास थोडाच न्यावा, पण पक्का न्यावा. 16 एप्रिल 1853 ला बोरीबंदर (आजच्या सीएसएमटीचीच जागा) ते ठाणे ही पहिली प्रवासी गाडी धावली, ती जीआयपी म्हणजे ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वे या कंपनीची. तीच कंपनी थळ घाट, म्हणजे कसारा घाट चढून आपल्याकडे आली. 1861 ते 1865 या काळात अमेरिकेत यादवी पेटली, तिकडचा कापूस इंग्लंडच्या गिरण्यांना मिळेना, आणि इथल्या कापसाला कधी नव्हे तो भाव आला. घाटातला मार्ग 1 जानेवारी 1865 ला सुरू झाला. लढाई संपल्यावर भाव कोसळला, तरी खानदेश-वऱ्हाडच्या गाठी बंदरापर्यंत याच रुळांवरून जात राहिल्या. पुढे 1878 मध्ये या कंपनीनं आपल्या मुख्यालयाचं आणि स्थानकाचं बांधकाम काढलं, ते दहा वर्षं चाललं आणि सोळा लाखांवर रुपये लागले. त्या पैशात कपाशीच्या भाड्याचा वाटा होता, हे लक्षात ठेवून आत शिरा. पाहुणा म्हणून बघणं वेगळं आणि हिस्सेदार म्हणून बघणं वेगळं.

बाहेरून बघताना

सफरीच्या वेळेआधी निदान तासभर बाहेर काढा. भुयारी मार्गानं रस्ता ओलांडून महापालिकेच्या इमारतीच्या बाजूला या आणि तिथल्या फुटपाथवर थांबा. गर्दीच्या वेळी फुटपाथच्या मधोमध उभं राहू नका, मुंबईकर बोलत नाही, सरळ धक्का देतो.

वरून खाली बघत या. घुमटाच्या टोकावर बाईचा पुतळा आहे, उजव्या हातात उंच धरलेली मशाल आणि डाव्या हाताशी आऱ्यांचं चाक. ती 'प्रगती'. तिच्या खालचा अष्टकोनी, फासळ्यांचा दगडी घुमट हा या इमारतीचा खरा पराक्रम. इटालियन गॉथिक पद्धतीच्या इमारतीवर असा घुमट तोवर कुणी चढवला नव्हता. मग घड्याळ, आणि घड्याळाखालचा रिकामा कोनाडा. तिथं व्हिक्टोरिया राणीचा पुतळा होता, स्वातंत्र्यानंतर तो काढला. राणीच्या राज्याला पन्नास वर्षं झाली म्हणून 1887 मध्ये स्थानकाला तिचं नाव मिळालं होतं. 1996 मध्ये ते छत्रपती शिवाजी टर्मिनस झालं आणि 2017 मध्ये त्यात 'महाराज' आलं. आपल्याकडची म्हातारी माणसं अजून 'व्हीटी' किंवा थेट 'बोरीबंदर'च म्हणतात.

त्रिकोणी माथ्यांवर शेती, व्यापार, अभियांत्रिकी यांच्या मूर्ती बसवल्या आहेत. शेतीची मूर्ती शोधून काढा, ती आपल्या कामाची. भिंतीवर गोल चौकटीत कंपनीच्या संचालकांचे चेहरे आहेत. बहुतेक गोरे, पण त्यात नाना शंकरशेट आणि सर जमशेटजी जीजीभॉय हे दोन आपले. नानांना ओळखायचं ते पगडीवरून. फाटकाच्या खांबांवर एकीकडे सिंह आणि एकीकडे वाघ बसलाय, सिंह इंग्लंडचा आणि वाघ हिंदुस्थानचा.

यानंतर दुर्बिणीचं काम. घरात पक्षी बघायची छोटी दुर्बीण असेल तर जरूर न्या. कमानींच्या कडांना, खांबांच्या माथ्यांना मोर, माकडं, पानं-फुलं कोरलेली आहेत आणि त्यातली बरीचशी नक्षी जे. जे. कला शाळेच्या विद्यार्थ्यांच्या हातची. लहान मुलांना घुमटाची थोरवी सांगत बसू नका, "कोण जास्त प्राणी शोधतं" एवढं म्हणा. अर्धा तास शांततेत जातो.

फोटोचं एक ध्यानात ठेवा. दर्शनी बाजू पश्चिमेला आहे. सकाळी सूर्य इमारतीमागे असतो, फोटो काळे येतात. उन्हं उतरल्यावर, म्हणजे सफर संपवून बाहेर पडाल तेव्हा, पिवळसर दगड उजळतो. सकाळी फक्त बघा.

आत शिरल्यावर

माहिती सांगणाऱ्याच्या जवळ राहा. पंखे, फोन आणि लोकलची घोषणा यांत मागच्याला अर्धंच ऐकू येतं. पण बोलण्याबरोबर डोळेही चालू ठेवा, कारण सांगणारा तारखा सांगतो आणि बघण्यासारखं असतं ते डोक्यावर.

घुमटाखालच्या जिन्यापाशी रेंगाळा. पायऱ्यांचं एक टोक भिंतीत आहे आणि दुसऱ्या टोकाला खांबाचा आधार नाही. भिंतीत ठोकलेल्या खुंट्यांसारख्या या दगडी पायऱ्या इतकी वर्षं माणसं पेलतायत. जिन्याच्या कडेला उभं राहून खालच्या बाजूनं बघितलं तर हे नीट कळतं, चढताना कळत नाही. त्याच जागेवरून मान वर केली की घुमट आतून दिसतो. रंगीत काचांमध्ये कंपनीचं बोधचिन्ह, हत्ती आणि इंजिन शोधा. गुडघे दुखणाऱ्यांनी आधीच सांगावं आणि खालचं संग्रहालय निवांत बघावं.

आर्किटेक्ट फ्रेडरिक विल्यम स्टीव्हन्स. लंडनच्या सेंट पँक्रास स्थानकाचा प्रभाव त्याच्या कामात दाखवतात, ते पटण्यासारखं आहे. एक दंतकथा मात्र कानावर येईल: मेलबर्नच्या फ्लिंडर्स स्ट्रीट स्थानकाचा आणि आपला नकाशा टपालात अदलाबदल झाला म्हणे. ऐकायला झकास, पण मेलबर्नची ती इमारत 1910 मध्ये पूर्ण झाली, आपली 1888 मध्ये. बावीस वर्षं टपाल वाट चुकत नाही.

आणि विचारा. लोक विचारत नाहीत, मग सांगणाराही पाठ केलेलं म्हणून मोकळा होतो. पावसाचं पाणी एवढ्या छपरावरून कुठून खाली येतं? कुठला दगड कुठून आणला? मालगाड्यांचा कापूस कुठं उतरायचा? अशा एखाद्या प्रश्नावर माणूस खुलतो आणि ठरलेल्या वाटेबाहेरचं काही दाखवतो.

लोकलचं तिकीटघर सफरीत असो वा नसो, स्वतः जाऊन बघा. त्याला 'स्टार चेंबर' म्हणतात. निळ्या छतावर सोनेरी तारे, इटालियन संगमरवर, आणि खाली ठाणे-कल्याणच्या तिकिटांची रांग. 2004 पासून जागतिक वारसा यादीत असलेल्या इमारतीत लोक सुट्ट्या पैशांवरून भांडताना दिसतात, हे मला त्या ताऱ्यांइतकंच आवडतं. रांगेत मधे थांबून फोटो काढू नका.

सफर संपल्यावर

26 नोव्हेंबर 2008 चा हल्ला या स्थानकातही झाला. मुलं विचारतील, तेव्हा लांब पल्ल्याच्या गाड्यांच्या दालनात थांबून सरळ शब्दांत सांगा.

मग 18 नंबर फलाटाच्या बाजूला, पी. डिमेलो रोडकडे, हेरिटेज गल्ली आहे. तिथं 'सर लेस्ली विल्सन' हे जुनं विजेचं इंजिन उभं आहे. आपल्या देशात विजेवरची पहिली गाडी 3 फेब्रुवारी 1925 ला इथूनच कुर्ल्याला गेली. भुसावळच्या विद्युत इंजिन शेडमुळे ज्यांच्या घरात चूल पेटली, त्यांनी हे इंजिन चुकवू नये. उन्हं असतील तर पुन्हा पुढे जाऊन फोटो उरका. समोरची महापालिकाही स्टीव्हन्सचीच, दोन्ही एकाच दिवशी बघून होतात.

परतीची गाडी त्याच संध्याकाळ-रात्रीची ठेवा, हॉटेलचा खर्च वाचतो. आरक्षण करताना जमलं तर मागच्या बाजूचा डबा घ्या. कसाऱ्याला गाडी थांबते आणि मागून बँकर, म्हणजे ढकलणारी जादा इंजिनं लागतात, कारण पुढे इगतपुरीपर्यंत चढ 37 ला 1 असा आहे. जोडताना बसणारा हिसका मागच्या डब्यांत चांगला जाणवतो. चहाचा कप तेवढ्यापुरता हातात धरून ठेवा.