एडिथ कार्लमार यांचे सिनेमे कोणत्या क्रमाने पाहावेत

शेवटच्या सिनेमापासून सुरुवात करू नका. मी केली होती. पुढे जगभर गाजलेली नॉर्वेजियन अभिनेत्री लिव उलमान पहिल्यांदाच मुख्य भूमिकेत आहे एवढं कळलं, म्हणून १९५९चा ‘उंग फ्लुक्त’ (तरुणाईचं पलायन) लावला आणि संपूर्ण वेळ उलमानकडेच बघत बसले. दिग्दर्शिकेचं नाव श्रेयनामावलीत वाचलं, पण डोक्यात शिरलं नाही. ती नॉर्वेत कथापट दिग्दर्शित करणारी पहिली स्त्री होती, हे मला फार उशिरा समजलं.

एडिथ कार्लमार (१९११–२००३) मूळच्या नर्तिका आणि रंगभूमीवरच्या अभिनेत्री. १९४९ ते १९५९ या काळात त्यांनी दहा सिनेमे केले, मग दिग्दर्शन थांबवलं. दहाच असल्यामुळे सगळे बघून होतात, आणि सगळे बघावेत असं माझं मत आहे. पण क्रम महत्त्वाचा.

सिनेमा शोधताना इंग्रजी नावावर विसंबू नका. मूळ नॉर्वेजियन नाव, तिकडच्या खास अक्षरांसकट, कॉपी करून शोधा आणि सोबत वर्ष टाका. ‘उंग’ म्हणजे तरुण, आणि हा शब्द त्यांच्या दोन सिनेमांच्या नावात आहे. मी एकदा भलताच लावून बसले होते.

सुरुवात १९४९च्या ‘डोदेन एर एत शेर्ताइन’पासून करा. नावाचा अर्थ साधारण ‘मृत्यू म्हणजे एक कुरवाळणं’. नॉर्वेतला पहिला फिल्म न्वार (गुन्हा, वासना आणि अंधाऱ्या छायांचा सिनेमा) म्हणून याचं नाव घेतलं जातं. एरिक गॅरेजमधला मेकॅनिक, लग्न ठरलेलं. सोनिया श्रीमंत, विवाहित. गोष्ट कुठे जाणार हे लवकरच कळतं, त्यामुळे ‘पुढे काय’ची काळजी सोडा. पहिल्यांदा सबटायटल्स वाचत बघा. मग दोघांचा एकत्र असलेला कुठलाही एक प्रसंग निवडून आवाज बंद करा आणि फक्त नजरा बघा. कोण कोणाकडे आधी पाहतं, कोण जवळ सरकतं? पुढाकार सोनियाचा असतो. अशा गोष्टींत बाई बहुतेकदा पुरुषाला दिसलेली बाई असते. इथे तिची स्वतःची भूक, कंटाळा, भीती पडद्यावर येते. मी हे वहीत लिहून ठेवलं आणि पुढच्या प्रत्येक सिनेमात तेच शोधत गेले.

मग १९५१चा ‘स्कादेस्कुत्त’ आणि १९५३चा ‘उंग फ्रुए फोर्श्वुन्नेत’ (तरुण पत्नी बेपत्ता). पहिल्यात मानसिक आजार, दुसऱ्यात व्यसन. हे दोन एका दिवशी बघू नका, फार जड होतात. पण ज्या विषयांवर घरात कुजबुजच होते, ते त्यांनी त्या काळात गावोगावच्या थिएटरांत नेले. नॉर्वेत १९१३च्या कायद्यामुळे सिनेमा दाखवण्याचा परवाना नगरपालिकेकडून मिळायचा आणि बरीचशी थिएटरं पालिकांच्याच मालकीची होती. अशा व्यवस्थेत नवरा ओटो यांच्यासोबत स्वतःची कंपनी काढून सिनेमे करत राहणं मला फार मोठं वाटतं. पटकथांवर ओटो यांचं नाव दिसेल. नाव दिसलं की थांबून वाचा. या संसाराला आणि या कामाला वेगळं काढता येत नाही.

मधले काही हलकेफुलके आहेत, ते सलग बघितले तरी चालतं. मात्र १९५७चा ‘फ्योल्स तिल फ्येल्स’ टाळू नका. डोंगरावरचं हॉटेल, एकसारख्या दिसणाऱ्या पाहुण्यांमुळे गोंधळलेला पोर्टर, आणि त्या भूमिकेत उंचापुरा विनोदी नट लाइफ युस्टर. मुलाच्या वेशात हॉटेलात काम करणारी श्रीमंत घरची मुलगीही इथे आहे. नॉर्वेत हा विनोदी सिनेमा अजूनही लाडका आहे. भाषेतल्या कोट्या सबटायटल्समधून निसटतात. युस्टरच्या हातापायांकडे बघितलंत तर फारसं काही बिघडत नाही. आणि पाहुण्यांच्या गर्दीवर नजर ठेवा: उलमान पडद्यावर पहिल्यांदा दिसली ती इथेच, अगदी छोट्या कामात. मला ती दुसऱ्या खेपेला सापडली.

आता ‘उंग फ्लुक्त’ लावा. गेर्द आणि आंदर्स घरच्यांपासून दूर, रानातल्या झोपडीत राहायला येतात. गेर्द बेफिकीर आहे, चुकते, कधी कधी रागही येतो तिचा. सोनियाच्या वेळी लिहिलेली वही उघडी ठेवा आणि झोपडीत तिसरा माणूस येतो तिथून पुन्हा नजरा मोजायला लागा.