शेजारची शेतजमीन परक्याला विकली गेली, तर आपला अग्रक्रयाधिकार कसा तपासावा

बांधाला बांध लागून असलेले शेत बाहेरच्या माणसाने घेतले, की “पहिला हक्क माझा होता” असे लगतचा खातेदार मनापासून म्हणतो. महाराष्ट्रात मात्र केवळ शेजारी असल्यामुळे असा सर्वसाधारण हक्क मिळत नाही. निव्वळ शेजारीपणावर आधारलेला अग्रक्रयाधिकार, म्हणजे इतरांच्या आधी जमीन विकत घेण्याचा हक्क, हे मालमत्तेच्या हक्कावरचे अवाजवी बंधन आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने 1962 सालीच ठरवले. म्हणून दाव्याचा खर्च करण्यापूर्वी सातबारा, जुने फेरफार आणि गटाचा नकाशा काढून दोन गोष्टी पाहाव्यात: विकलेले क्षेत्र तुकडा (कायद्याने ठरवलेल्या किमान क्षेत्रापेक्षा लहान जमीन) आहे का, आणि विकणारा व आपण एकाच मृत खातेदाराचे वारस आहोत का.

सातबाऱ्यावर “तुकडा” असा शेरा असेल, तर 1947 च्या तुकडेबंदी कायद्याच्या कलम 7 नुसार ती जमीन सामान्यतः लगतच्या गटाच्या मालकालाच विकता येते. हे बंधन विकणाऱ्यावर आहे. त्याने आपल्यालाच आणि आपण म्हणू त्या किमतीला विकावे, असा हुकूम त्यातून मिळत नाही. नागरी भागांसाठी या कायद्यात सवलती दिल्या गेल्या आहेत, त्यामुळे आपल्या गावाला सध्या कोणता नियम लागू आहे याची तहसील कार्यालयात खात्री करावी.

खरा भक्कम आधार वारसाचा आहे. मृत्युपत्र न करता वारलेल्या हिंदू व्यक्तीची जमीन वर्ग 1 च्या (मुलगा, मुलगी, विधवा, आई अशा सर्वांत जवळच्या) दोन किंवा अधिक वारसांकडे एकत्र आली असेल आणि त्यांपैकी एकजण आपला हिस्सा विकू पाहत असेल, तर हिंदू उत्तराधिकार कायदा, 1956 च्या कलम 22 प्रमाणे इतर वारसांना तो घेण्याचा प्राधान्यहक्क आहे. हे कलम शेतजमिनीलाही लागू होते, हे सर्वोच्च न्यायालयाने 2019 मध्ये स्पष्ट केले. किमतीवर एकमत झाले नाही तर ती न्यायालय ठरवते, आणि एकाहून अधिक वारस पुढे आले तर सर्वांत जास्त मोबदला देणाऱ्याला प्राधान्य मिळते. सरसनिरस वाटप (जमिनीची प्रत पाहून प्रत्यक्ष केलेली वाटणी) होऊन हिस्से वेगळे पडले असतील, तर मात्र हा आधार सहसा उरत नाही.

विक्रीची नुसती कुणकुण लागली, तरी आपण हिस्सा घेण्यास तयार आहोत असे भावाला किंवा बहिणीला नोंदणीकृत टपालाने कळवून पोचपावती जपून ठेवावी. खरेदीखत होऊन गेले असेल, तर दुय्यम निबंधक कार्यालयातून त्याची प्रमाणित नक्कल घ्यावी आणि खरेदीदाराने ताबा कोणत्या दिवशी घेतला ते लिहून ठेवावे, कारण मुदत कायद्याच्या अनुच्छेद 97 नुसार दाव्याची एक वर्षाची मुदत प्रत्यक्ष ताब्यापासून मोजली जाते, आणि विकलेल्या गोष्टीचा प्रत्यक्ष ताबा घेता येण्यासारखा नसेल तर खरेदीखताच्या नोंदणीपासून.

इथे लोक सर्वांत महागडी चूक करतात. फेरफाराच्या नोटिशीवर 15 दिवसांत हरकत जरूर घ्यावी, पण महसुली नोंदीने मालकी ठरत नाही. मंडळ अधिकाऱ्यापासून प्रांतापर्यंत अपिले लढवण्यात वर्ष निघून गेले, तर दिवाणी न्यायालयाचा दरवाजा बंद होतो. हरकत आणि दावा यांची तयारी म्हणूनच एकाच वेळी सुरू करावी.

दाव्यात विकणारा आणि खरेदीदार दोघांनाही प्रतिवादी करावे आणि पैशांची जुळवाजुळव आधीच करून ठेवावी. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 20, नियम 14 प्रमाणे हुकूमनाम्यात रक्कम भरण्याचा दिवस नेमलेला असतो आणि त्या दिवसापर्यंत ती भरली नाही, तर जिंकत आलेला दावाही खर्चासह फेटाळला जातो.