विंडोज टाकताना डिस्कच दिसत नाही? या चुका टाळा

सेटअप सुरू झाला, भाषा निवडली, अटी मान्य केल्या आणि 'विंडोज कुठे टाकायचं' या पानावर यादी कोरी. किंवा यादीत एकच डिस्क, आणि आकार बघितला तर तो आपलाच पेनड्राइव्ह! इथे घाबरून लॅपटॉपचे स्क्रू काढायला घेऊ नका. आधी बायोसमध्ये, म्हणजे कॉम्प्युटर चालू होतानाच उघडता येणाऱ्या सेटिंगमध्ये बघा. तिथे एसएसडीचं, म्हणजे लॅपटॉपच्या डिस्कचं नाव दिसत असेल तर बहुधा डिस्क ठणठणीत आहे, फक्त सेटअपला ती सापडत नाहीये.

इंटेल प्रोसेसरच्या अकराव्या पिढीपासून, म्हणजे 2020 नंतरच्या बऱ्याच लॅपटॉपमध्ये व्हीएमडी नावाची, डिस्कचा कारभार सांभाळणारी सोय कारखान्यातूनच चालू येते. मग एनव्हीएमई (वेगवान प्रकारची) एसएसडी या व्हीएमडीच्या आड जाते. विंडोजकडे एनव्हीएमईचा स्वतःचा ड्रायव्हर (ते हार्डवेअर चालवणारा छोटा प्रोग्रॅम) असतो, पण आडोशामागची डिस्क त्याला दिसतच नाही. त्यासाठी इंटेलचा रॅपिड स्टोरेज, म्हणजे आरएसटी ड्रायव्हर 'लोड ड्रायव्हर' बटणातून द्यावा लागतो.

सगळ्यात जास्त लोक अडकतात ते इथे. डाउनलोड केलेली ईएक्सई फाइल तशीच पेनड्राइव्हवर टाकतात आणि सेटअप म्हणतो, ड्रायव्हर मिळाला नाही. बरोबरच आहे, त्याला हवी असते आयएनएफ फाइल आणि तिच्यासोबतच्या सिस व कॅट फाइली. झिप मिळाली असेल तर दुसऱ्या कॉम्प्युटरवर उघडून अख्खं फोल्डर कॉपी करा. फक्त ईएक्सई मिळाली असेल तर ती आधी सुटी करावी लागते. इंटेलच्या आरएसटी सेटअपला त्यासाठी कमांड प्रॉम्प्टमध्ये '-extractdrivers' (एक्स्ट्रॅक्टड्रायव्हर्स) हा पर्याय देता येतो. नंतर 'ब्राउझ' करून नेमकं आयएनएफ असलेलं फोल्डर निवडा.

'सगळ्यात नवीन तेच चांगलं' हा हिशेब इथे चालत नाही. आरएसटीची प्रत्येक आवृत्ती प्रोसेसरच्या ठरावीक पिढ्यांसाठीच असते. आपल्या मॉडेलच्या सपोर्ट पानावरचा ड्रायव्हर घ्या. एकापेक्षा जास्त नावं आली तर व्हीएमडी लिहिलेलं निवडा. 'न जुळणारे ड्रायव्हर लपवा' ही खूण तशीच राहू द्या. ती काढून यादी लांबवली की भलताच ड्रायव्हर निवडला जातो. एएमडी प्रोसेसरवर रेड (अनेक डिस्क एकत्र जोडून वापरायची पद्धत) लावली असेल तर एकाने भागत नाही: आरसीबॉटम, आरसीरेड, आरसीसीएफजी असे तीन, याच क्रमाने.

ड्रायव्हरच्या भानगडीत न पडता बायोसमध्ये व्हीएमडी बंद केली तर? एकच एसएसडी असेल आणि सगळं पुसून नव्याने टाकायचं असेल तर मला हाच मार्ग सोपा वाटतो. (काही बायोसमध्ये हा पर्याय लपवलेला असतो, तेव्हा इलाज नाही.) पण आधीची विंडोज जपायची असेल तर सहज म्हणूनही हात लावू नका. सुरू होताना एररचा निळा किंवा काळा स्क्रीन येतो, 'इनॲक्सेसिबल बूट डिव्हाइस'. शिवाय बिटलॉकर (विंडोजचं डिस्कला लागणारं कुलूप) चालू असेल तर तो 48 अंकी रिकव्हरी की मागतो, आणि ती कुठे ठेवली हे बऱ्याच जणांना तेव्हाच आठवावं लागतं. रेड असेल तर डेटाच पणाला लागतो.

एक फसवा संदेश वेगळा ओळखा: 'मीडिया ड्रायव्हर मिसिंग'. यात बहुतेकदा स्टोरेजचा काही दोष नसतो. आयएसओ, म्हणजे डाउनलोड केलेली विंडोजची फाइल अर्धवट उतरलेली असते किंवा पेनड्राइव्ह नीट बनलेला नसतो. दुसऱ्या यूएसबी पोर्टला लावून बघा, नाहीतर पेनड्राइव्ह पुन्हा बनवा.

डिस्क दिसली की लगेच 'डिलीट'चा सपाटा लावू नका. दोन डिस्क असतील तर आकारावरून आधी खात्री करा. आणि पेनड्राइव्हवर वायफायचा ड्रायव्हरही टाकून ठेवा, कारण विंडोज 11 सुरुवातीलाच इंटरनेट मागते आणि तेव्हा वायफायच्या यादीतही बऱ्याचदा काही दिसत नाही.